परतीची बाजू

आमच्या शेजारचे सबनीसकाका दर रविवारी सकाळी गाडीत बसतात आणि कुठेही जात नाहीत.

तुम्ही बरोबर वाचलंत. उन्हं तापायच्या आत त्यांच्या गॅरेजचं दार घरघरत वर जातं. इस्त्रीचा बुशशर्ट, पायांत बूट, खिशात पेन अशा जामानिम्यात काका बाहेर येतात. गॅरेजमध्ये एक लाल रंगाची, दोन दारांची, जुनी गिअरची गाडी उभी असते. बाजूच्या लाकडी टेबलावर, जिथे इतर लोक पान्हे आणि ड्रिल ठेवतात, तिथे रेकॉर्ड प्लेअर. काका तबकडीवर सुई टेकवतात आणि लगबगीने गाडीत शिरतात. पहिल्या गाण्याच्या आधी इंजिन सुरू व्हायचा आवाज आहे. तो यायच्या आत पट्टा लागलेला असला पाहिजे, हा नियम. मग काच खाली, कोपर खिडकीत, नजर समोर. समोर भिंत असते आणि भिंतीवर बागेला पाणी घालायचा पाइप टांगलेला असतो. त्या पाइपाकडे बघत काका एक अख्खी बाजू ऐकतात, पट्टा काढतात, उतरतात आणि आत जाऊन चहा टाकतात.

आम्ही ॲरिझोनात चँडलरला घर घेतलं त्याच्या पहिल्याच रविवारी मी हे स्वयंपाकघराच्या खिडकीतून पाहिलं आणि मंदारला, म्हणजे माझ्या नवऱ्याला, हलवून उठवलं. म्हटलं, "अरे, शेजारचे काका गाडीत बसलेत, पण चुकीच्या बाजूला!"

कारण काका बसले होते उजवीकडे. इथे अमेरिकेत स्टिअरिंग डावीकडे. माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. बिचाऱ्यांना आपल्याकडची सवय. इतकी वर्षं झाली तरी हात उजव्या दाराकडेच जातो. मला हसू आलं नाही, उलट मायाच वाटली. मीसुद्धा इथे आल्यावर कित्येकदा उजव्या दाराने आत शिरून स्टिअरिंग शोधलं आहे आणि मग कुणी बघत नाही ना हे पाहून, डॅशबोर्डमधून काहीतरी घ्यायला आल्यासारखं करून उतरले आहे. मंदार म्हणाला, "झोपू दे यार, त्यांची गाडी, ते कुठेही बसतील." पण मी हा शोध पुढे वर्षानुवर्षं लोकांना रंगवून सांगत राहिले. काका मूळचे नाशिकचे, म्हणून म्हणायचे, सबनीसकाकांचं शरीर अमेरिकेत, बूड अजून नाशकात.

ओळख झाल्यावर तबकडीचा इतिहास कळला. ती साठच्या दशकाच्या सुरुवातीची आहे. त्या काळी इथली पोरं भंगारातली गाडी उचलायची, तिला दांडगं इंजिन बसवायची, नको ते पत्रे कापून टाकायची, लालभडक रंग द्यायची आणि सिग्नलला शेजारी उभ्या राहिलेल्याशी शर्यत लावायची. असल्या गाडीला हॉट रॉड म्हणतात. काकांच्या तबकडीवर पहिल्या गाण्यापासून शेवटच्यापर्यंत फक्त तेच. गिटार, ढोलकं, मधूनमधून टायर करकचल्याचे आवाज आणि पाच-सहा पोरं सुरात कार्ब्युरेटरचं गुणगान करताहेत. कव्हरवर लाल गाडी आणि तिला टेकून उभी असलेली, केसांना तेल चोपडलेली मुलं.

"ही विकत घेतलेली नाही," काका सांगायचे. "आम्ही आलो तेव्हा युनिव्हर्सिटीजवळ एक खोली मिळाली. आधीचा भाडेकरू जाताना एक सोफा, एक रेकॉर्ड प्लेअर आणि ही एवढी एकच रेकॉर्ड टाकून गेला. रेडिओ नाही, टीव्ही नाही. मग काय, वर्षभर हीच. आधी आम्हाला वाटलं, प्रेमाची गाणी आहेत. तिचा आवाज काय, तिची चाल काय, तिच्यासाठी काय वाट्टेल ते करीन. मग शैला लायब्ररीतून डिक्शनरी घेऊन आली, तेव्हा कळलं. बाई नाही, गाडी आहे!"

शैला म्हणजे काकू. आम्ही राहायला आलो त्याच्या आधीच्या हिवाळ्यात त्या गेल्या. मी त्यांना पाहिलेलं नाही. दिवाणखान्यात फोटो आहे, ठेंगणी मूर्ती, पाचवारी साडी, पायांत पांढरे कॅनव्हासचे बूट आणि डोळ्यांवर हा मोठा काळा चष्मा. हॉस्पिटलच्या लॅबमध्ये नोकरी होती.

आता, एकच रेकॉर्ड वर्षभर ऐकल्यावर माणसावर परिणाम व्हायचाच. काकांच्या भाषेवर तो कायमचा झाला. त्यांच्या लेखी जगातला प्रत्येक माणूस कुठल्या ना कुठल्या गिअरमध्ये आहे. मी ऑफिसातल्या कटकटी सांगायला लागले की म्हणायचे, "तू अजून सेकंडमध्येच रेटतेयस, वैशाली. इंजिन ओरडतंय, ऐकू येत नाही का तुला?" आमच्या फॅबमध्ये, म्हणजे चिप बनवतात तिथे, माणसं कमी करायची कुजबुज सुरू होती तेव्हा माझी झोप उडाली होती. काका शांतपणे म्हणाले, "न्यूट्रलमध्ये टाक. उतार आहे, आपोआप जाईल." नव्या घराचं बुकिंग करू की नको म्हणून दोन वर्षं घोळ घालणाऱ्या मंदारच्या मित्राबद्दल, "तो क्लच दाबून बसलाय. त्याला वाटतं आपण गाडी चालवतोय." सत्यनारायण उरकणाऱ्या गुरुजींबद्दल, "पाचव्या अध्यायाला डायरेक्ट फोर्थ टाकला."

मला तर नेहमी वाटायचं, हा गृहस्थ तरुणपणी मोठा ड्रायव्हर असणार. नोकरीही रस्त्यांचीच. सरकारी रस्तेबांधणी खात्यात काका आयुष्यभर हायवेच्या वळणांचा हिशेब करत होते. वळण किती घ्यायचं, रस्ता कुठल्या अंगाला किती कलता ठेवायचा, म्हणजे वेगातली गाडी बाहेर फेकली जाणार नाही. आता गाडी चालवत नव्हते, ते वयामुळे असेल असं मी गृहीत धरलं होतं. किराणा आणायला, देवळात, डॉक्टरकडे त्यांना मीच न्यायचे. माझ्या शेजारी बसले की त्यांचा उजवा पाय काल्पनिक ब्रेकवर, डावा काल्पनिक क्लचवर. मैलभर आधीपासून सूचना सुरू. "डावीकडची लेन पकडून ठेव. आता नाही, आता नाही... हां, आता." आणि फ्रीवेवर चढायचा रॅम्प लागला की खिशातून लिमलेटची गोळी निघायची. कागद सोडवून, नजर समोर ठेवून, हात माझ्याकडे.

"काका, मला गोड बंद केलंय हो."

"बरं," म्हणायचे आणि गोळी परत कागदात गुंडाळून खिशात ठेवायचे. दर वेळी. माझं गोड बंद आहे हे त्यांच्या कधी लक्षात राहिलं नाही.

मंडळाच्या गणपतीत ध्वनिव्यवस्थेचा माणूस आजारी पडला आणि कुणीतरी काकांना म्हणालं, "जेवणाच्या वेळी काहीतरी जुनं लावा, सगळ्यांना आवडेल असं." जुनं म्हटल्यावर लोकांच्या मनात नाट्यगीतं होती. पंगत बसली, मसालेभात वाढून झाला आणि शाळेच्या हॉलमध्ये स्पीकरवरून एक इंजिन गुरगुरलं, टायर किंचाळले, कुणाची तरी गाडी भरधाव निघून गेली. आमचे खजिनदार ताट हातात घेऊनच पार्किंगकडे धावले. त्यांची नवी गाडी तिथे होती. काका माइकवर म्हणाले, "चोर नाही हो, तिसरं गाणं आहे. बसा, जिलबी यायचीय."

एचओएच्या बाईही एकदा आल्या होत्या. एचओए म्हणजे आपली सोसायटीची कमिटी, फक्त इथे ती गवताची उंचीसुद्धा मोजते. रविवारी सकाळी गॅरेजमधून रेसिंगचे आवाज येतात, अशी तक्रार होती. काका खाली न उतरता खिडकीतून अदबीने म्हणाले, "मॅडम, द कार इज नॉट रनिंग. ओन्ली म्युझिक इज रनिंग." बाई गोंधळल्या. नियमात चालू गाडी होती, बंद गाडी होती, चालू संगीतवाली बंद गाडी नव्हती.

आणि शनिवारी संध्याकाळी काकांची जत्रा असायची. इथून जवळ एका बर्गरच्या दुकानासमोर जुन्या हॉट रॉड घेऊन म्हातारे जमतात. दंडावर गोंदलेलं, पोटं सुटलेली, घडीच्या खुर्च्या टाकून आपापल्या गाडीशेजारी बसतात. आमचे काका छत्री घेऊन तिथे हिंडायचे. छत्री पावसाची नव्हे, उन्हाची. प्रत्येक गाडीपुढे थांबून कार्ब्युरेटर किती, एक्झॉस्ट कसला, अशी चौकशी. त्या लोकांना हा माणूस फार आवडायचा. त्यांना प्रोफेसर म्हणायचे. एकाने एकदा विचारलं, "सो प्रोफेसर, व्हॉट डू यू ड्राइव्ह?"

काका छत्री सावरत म्हणाले, "आय नेव्हिगेट."

सगळे खो खो हसले. मीही हसले. मला वाटलं, विनोद केला.

त्याच माणसाला पुढे काकांची लाल गाडी बघायची हौस आली. तो घरी आला, म्हणाला, बॉनेट उघडा. काकांनी आधी दाराखाली चाचपलं, मग खुर्चीखाली, मग डिकीकडे गेले. शेवटी त्यानेच खटका शोधला. ज्याने मला कॅमशाफ्टवर अर्धा तास ऐकवलं होतं, तो आपल्या गाडीचं इंजिन पहिल्यांदाच बघतोय असा चेहरा करून उभा होता. "अच्छा," म्हणाले, "म्हणजे असं असतं."

एक गोष्ट मला नेहमी खटकायची. रेकॉर्डची दुसरी बाजू काका कधीच लावायचे नाहीत. पहिली संपली की तबकडी कव्हरात, कव्हर सोलापुरी चादरीत, आणि ते गाठोडं तान्हं बाळ उचलावं तसं घरात एसीत. इथल्या उन्हात गॅरेजमध्ये ठेवलं तर तबकडीचा पापड होतो. मला वाटायचं, दुसऱ्या बाजूवर चरे पडले असतील.

"छे! अगदी कोरी आहे," काका म्हणाले.

"मग?"

"ती परतीची बाजू. आधी पोचू तर दे."



गेल्या हिवाळ्यात काका न्हाणीघरात घसरले. फार लागलं नाही, पण त्यांची मुलगी ऋचा कॅलिफोर्नियात फ्रीमाँटला असते, तिने ठरवून टाकलं की आता बाबा एकटे राहणार नाहीत. तिचं म्हणणं चूक नव्हतं. टाउनहाउस, खाली एक खोली, बाहेर चालायला फुटपाथ. फक्त गॅरेज एकाच गाडीचं. तिने मला फोन केला. "वैशाली, प्लीज, गाडीचं काहीतरी कर ना. बाबा ऐकत नाहीयेत. मी मेमध्ये येऊन त्यांना घेऊन जाणार आहे. तोपर्यंत ती विकली गेली पाहिजे."

काका नाही म्हणाले नाहीत. म्हणाले, "गिऱ्हाईक आण. बघू." मी फोटो काढले, जाहिरात टाकली आणि माझे शनिवार वाया जायला लागले.

पहिला आला तो ताडमाड तरुण, डोक्यावर काउबॉयची टोपी. गाडी बघून त्याचे डोळे लकाकले. काकांनी स्वतः हिंडून दाखवली. "नो रस्ट! कुठेही बघ. ॲरिझोनात माणूस वाळतो, पण गाडी गंजत नाही." हे त्यांचं ठेवणीतलं वाक्य, ते त्यांनी दोन्ही भाषांत ऐकवलं. तो पोरगा खूश. दार उघडून वाकला, आणि आत बसण्यासाठी त्याने खाली हात घालून सीट मागे सरकवायचा दांडा चाचपला.

"सॉरी," काका म्हणाले. "नॉट फॉर सेल."

दुसरे आले ते आपलेच, स्कॉट्सडेलचे एक मराठी दंतवैद्य. त्यांना जुन्या गाड्या जमवायचा नाद. ते गाडीला हात लावतानासुद्धा सांभाळून लावत होते. काकांनी त्यांना चहा दिला, रेकॉर्डची पहिली बाजू ऐकवली. मी मनात म्हटलं, जमलं! डॉक्टर म्हणाले, "जरा बसून बघतो हं," आणि सीटवरची गोधडीची गादी उचलून बाजूला ठेवली.

काकांनी ती त्यांच्या हातातून घेतली. परत जागच्या जागी ठेवली, कोपरे सारखे केले. म्हणाले, "डॉक्टर, राग मानू नका. तुम्ही थर्डच्या वर जाणारे नाही."

असे आणखीही आले आणि गेले. एक जण जाड, एकाचे गुडघे दुखायचे, एक बाई सहा फूट उंच. प्रत्येकाचा हात सीटखाली गेला आणि प्रत्येकाला काका सॉरी म्हणाले. मी शेवटी वैतागले. ऋचाला फोन करून म्हटलं, "तुझे बाबा माझा जीव घेणार. आयुष्यभर चालवलेली गाडी आहे, जीव अडकतो, मला समजतं, पण—"

तिने मला मध्येच तोडलं. मग म्हणाली, "कोणी चालवलेली? बाबांनी? वैशाली, बाबांना लायसन्सच नाहीये. नेव्हर हॅड वन."

"काय?"

"टेस्ट द्यायला गेले होते ना. चार बाजूंनी स्टॉप असतो तो चौक. नियम काय, जो आधी आला तो आधी जाणार. बाबा प्रत्येकाला हात करून आधी जा म्हणाले. एकेक गाडी येत राहिली, बाबा हात करत राहिले. एग्झॅमिनरने शेवटी घड्याळ बघितलं. परत दिली, परत तेच. आईने सांगितलं, राहू दे, मी आहे ना. गाडी आईची होती. आईच चालवायची. सगळीकडे. बाबा शेजारी बसून रस्ता सांगायचे."

फोन ठेवला आणि मी स्वयंपाकघराच्या खिडकीशी उभी राहिले. समोर त्यांच्या गॅरेजचं बंद दार. इतकी वर्षं मी ज्याला नाशिकचं खूळ समजून लोकांना हसवलं होतं, ते खूळ नव्हतंच. काका बरोबर आपल्याच जागी बसत होते. डावीकडची जागा रिकामी होती, आणि ती मी कधी पाहिलीच नव्हती. मला फार वाईट वाटलं.

ऋचा यायच्या आधीचा रविवार. दार घरघरलं तशी मी चप्पल सरकवून गेले. काकांनी अजून सुई टेकवली नव्हती. तबकडी हातात धरून उभे होते.

"काका, मी चालवू का आज?"

त्यांनी माझ्या चेहऱ्याकडे पाहिलं नाही. माझ्या पायांकडे पाहिलं. मी किती उंच आहे ते एव्हाना सांगायला हवं होतं. फॅबमध्ये पांढरा अंगरखा घालते तो सगळ्यात लहान मापाचा आणि तरीही दुमडून. मंदार मला डोंबिवली फास्टच्या फूटबोर्डाएवढी म्हणतो. ते असो.

"गिअरची येते?"

"कोल्हापुरात मामाच्या जीपवर शिकले."

काकांचा चेहरा जरासा हलला. "शैलासुद्धा जीपवरच शिकली. कऱ्हाडला. वडील डॉक्टर होते, खेड्यांत व्हिजिटला जायचे, तेव्हा हीच चालवायची." तबकडी त्यांनी परत चादरीत ठेवली, आत गेले, आणि किल्ली आणि एक कॅसेट घेऊन आले. "गाडीत लावायला तिनेच करून घेतली होती ही. बस. पण सीट मागे घेऊ नकोस."

मी गोधडीवर बसले. क्लचवर पाय ठेवला. टेकला. ब्रेकवर, टेकला. आरशात बघितलं तर रस्ता जिथे दिसायला हवा तिथेच दिसत होता. काहीही हलवावं लागलं नाही. काका शेजारी बसले, पट्टा लावला आणि माझ्या गुडघ्यांकडे एकदा बघून पटकन समोर बघायला लागले.

जाहिरात टाकल्यापासून बॅटरी मंदार अधूनमधून चार्ज करून ठेवायचा, त्यामुळे गाडी खोकत का होईना, सुरू झाली. गिअरच्या दांड्याशेजारी नाणी ठेवायचा एक खोलगट कप्पा होता. हात लागला तेव्हा काहीतरी खडबडीत जाणवलं. पाहिलं तर तांबूस-पिवळा, काचेसारखा एक मोठा गोळा तिथे घट्ट बसलेला. लिमलेटच्या गोळ्या. एकीवर एक ठेवलेल्या, आणि उन्हाने वितळून एक झालेल्या. एकीलाही कागद नव्हता.

"काका, या..."

"तिच्या," काका म्हणाले. "रॅम्प लागला की द्यायची सवय. दुसऱ्या गाण्याला रॅम्प येतो." मग समोरच्या पाइपाकडे बघत, "ठेवायची तरी कुठे?"

मी गाडी मागे घेतली. कॅसेट सुरू झाली, आणि आमचं इंजिन आणि गाण्यातलं इंजिन एकदमच गुरगुरलं. वस्तीतून बाहेर पडलो. मग काका सुरू झाले. "आता थर्ड. थांब, ढोल वाजू दे. हां, आता!" दक्षिणेकडे टूसॉनच्या दिशेला वळलो. रॅम्प लागला, गाणं दुसरं होतं, आणि काकांचा हात माझ्यासमोर आला. तळहातावर गोळी, नजर समोर.

मी घेतली आणि तोंडात टाकली.

काकांनी हात मागे घेतला नाही. कितीतरी वेळ तो रिकामा तळहात तसाच होता. मग त्यांनी तो बघितला आणि हळूच मिटून मांडीवर ठेवला.

"हे वळण माझं," ते म्हणाले. रॅम्प गोल फिरत फ्रीवेला मिळत होता. "मी काढलं. ती म्हणायची, वळण तुझं, वेग माझा. आता फोर्थ."

"काका, पंचाहत्तर मैल झाले."

"ती पंच्याऐंशीला जायची. मी डोळे मिटून घ्यायचो."

आणि त्यांनी डोळे मिटले. दोन्हीकडे वाळवंट, हात वर करून उभे असलेले निवडुंग, खिडकीतून येणारा गरम वारा आणि ती पोरं आपल्या लाल गाडीसाठी गळा काढून गाताहेत. काकांचे ओठ हलत होते. सोफ्यावर बसून, एकही गाडी नसताना, ती डावीकडे आणि हे उजवीकडे, असे दोघं रोज संध्याकाळी कुठे कुठे जाऊन आले असतील ते मला त्या मिटल्या डोळ्यांकडे बघून समजलं. एवढं कुणाशेजारी बसावंसं वाटणं म्हणजे काय असतं? मला मंदारची आठवण आली, आणि तो घरीच झोपलेला होता.

खट्ट करून कॅसेट थांबली. पहिली बाजू संपली.

मी गती कमी केली. पुढे बाहेर पडायचा फाटा होता. काका डोळे उघडून बसले होते. बराच वेळ त्यांनी कॅसेटला हात लावला नाही. 

"चला," शेवटी म्हणाले. "यायला तर हवंच परत. ऋचा येतेय शनिवारी." त्यांनी कॅसेट काढली, उलटी केली आणि आत सरकवली.

दुसरी बाजू मी पहिल्यांदा ऐकली. गाड्याच, पण गाणी सावकाश. शर्यत संपलेली आणि कुणीतरी एकटा घरी चालला आहे असं काहीसं. काकांनी एकदाही गिअर सांगितला नाही. मी माझ्या अंदाजाने चालवत आणली आणि गॅरेजमध्ये, पाइप टांगलेल्या त्या भिंतीसमोर, उभी केली.

दोघंही उतरलो नाही. इंजिन बंद केल्यावर पत्रा टकटक करत राहतो, तो आवाज तेवढा येत होता.

"वैशाली," काका म्हणाले, "आता सीट मागे घे. पार मागे. लोकांना पाय लांब करता आले पाहिजेत. उगाच मी त्या पोराला हाकलला, चांगला होता."

"राहू दे ना, काका."

"घे म्हणतो ना. मला नाही जमणार. तू घे."

मी वाकले. सीटखाली दांडा हाताला लागला. गार, गुळगुळीत, तेल दिल्यासारखा. नुसतं बोट लावलं तर सुटला असता. मी तो मुठीत धरला, श्वास रोखला, आणि जोर लावल्यासारखं करून कण्हले.

"हलत नाही, काका."

"नाही?"

"अजिबात नाही."

काका माझ्याकडे बघत राहिले. मग भिंतीकडे बघितलं.

"गंजला असेल," म्हणाले.

त्यांनी पट्टा काढला, खिशातून रुमाल घेऊन चष्मा पुसला. दार उघडून एक पाय बाहेर टाकला आणि तिथेच थांबले. किल्ली अजून गाडीलाच होती. मी ती काढून पुढे केली, तर त्यांनी माझी मूठ किल्लीसकट मिटवली.

"ही तुझ्याकडेच राहू दे," काका म्हणाले. "तुझे पाय पोचतात."